बाबांची जागा

गेलेल्या माणसाची जागा कोणीच भरू शकत नाही, असं दामिनीनं नागपूरच्या प्रदर्शनात आपल्या चित्रपुस्तकाशेजारी लिहिलं होतं. पुस्तक माणसाएवढं, पडद्यासारखं उलगडणारं. पानावर रामटेकचं धानाचं शेत, बांधावर बाबांचा सदरा आणि डोक्याचा दुपट्टा. चेहऱ्याच्या जागी कापलेलं भोक. बाबा गेल्यापासून न हसलेली आई हे बघून कोसळेल म्हणून दामिनीनं खुर्ची ठेवली होती. आई बघत राहिली. वच्छलाआत्या मात्र हरखली. “वहिनी, हे तं जत्रेतल्या फोटोवाल्यासारखं हाय! काढा नं तोंड बाहेर!” आई पानामागे गेली. दुपट्ट्याखाली तिचा चेहरा उगवला आणि बाबांच्या आवाजात गरजला, “वच्छले, काहून दात काढून राहिली वं? चहा मांड!” आत्या हसत खुर्चीत कोसळली. आईही हसली. मग नातेवाइकांची रांग लागली. दुसऱ्या दिवशी गॅलरीत पाटी झळकली: पुस्तकात डोकं घालू नये.