शुक्रवारचे डोंगर

“आज कुठल्या डोंगरात हाय आपला तहा?” सुपातली सुकट निवडता निवडता ताजबीनं लेकीला विचारलं.

महरीन शाळेतून येऊन नुकती कुठे ओसरीवर टेकली होती. शुक्रवार, मस्कतहून भावाचा, तहाचा, फोन यायचा वार. सलग आठवा शुक्रवार, फोन नाही. येणार तरी कुठून? तहा तिकडे कामावर कोसळला तो उठलाच नाही, आणि बरोबरच्या माणसांनी त्याला तिथंच दफन केलं. आईची तब्येत आधीच तोळामासा. डॉक्टर म्हणाले, धक्का बसेल असं काही कानावर घालू नका. झालं, सारा मोहल्ला तोंडाला कुलूप लावून बसला.

आणि खोटं बोलायचं काम आलं महरीनच्या गळ्यात! पूर्णगडच्या या पोरीनं जन्मात कधी धड थाप मारली नव्हती. पण होती भूगोलाची मास्तरीण. पहिल्या शुक्रवारी तिनं भावाला ओमानच्याच हजर डोंगरात पाठवलं. काम तिकडे आहे, रेंज नाही म्हणाली. मग इराणच्या झाग्रोसमध्ये. मग कॉकेशस, मग युरोपातला आल्प्स, मग मोरोक्कोचा अ‍ॅटलास, मग आणखी कुठं कुठं. वर्गात हीच नावं सांगताना मुलं जांभया देत. घरात आई एकेक नाव दोनदोनदा म्हणून बघायची. रत्नागिरीपलीकडे कधी न गेलेली ती बाई! आणि बिचारा तहा, जिवंतपणी मस्कतची खोली नि काम सोडून कुठं गेला नाही, मेल्यावर अर्धी पृथ्वी फिरला.

“अँडीज,” महरीन म्हणाली. “दक्षिण अमेरिकेत. जगातली सगळ्यात लांब रांग, अम्मी. सात हजार किलोमीटर.”

“बर्फ असंल?”

“असतो.”

“त्याला सर्दी लगेच धरते.”

“स्वेटर दिलेत सगळ्यांना.” हे बोलताना महरीनला स्वतःचीच शिसारी आली.

ताजबीनं सूप बाजूला सारलं.

“बस कर गो बाय. दमलीस तू. पहिल्यांदा त्याचा फोन चुकला, त्या आठवड्यात आपल्या घरात कोण आजारी नव्हतं. गॅस भरलेला होता. तरी तीन दिवस शेजारणी जेवणाचे डबे आणून देत होत्या. मयताच्या घरी चूल पेटवायची नसते, म्हणून देतात ते. तोंडं गप्प ठेवली सगळ्यांनी. पण डबे पाठवल्याशिवाय त्यांना तरी घास कसा उतरणार?”

महरीन आईजवळ सरकली. “म्हणजे तुला पहिल्यापासून... मग बोलली का नाहीस?”

“तू डोंगराचं नाव सांगायचीस ना, तेवढा वेळ तो कुठं तरी चालत असायचा.”

महरीननं आईच्या मांडीत डोकं खुपसलं आणि दोन महिने गिळलेलं रडू एकदम बाहेर काढलं. ताजबी तिच्या केसांवरून हात फिरवत राहिली. तिच्या डोळ्यांत टिपूस नव्हतं. तिचं रडून झालं होतं, कधी ते कुणालाच कळलं नव्हतं. लेक शांत झाल्यावर तिनं विचारलं,

“एकच सांग. कबरेत ठेवताना त्याचं तोंड मक्केकडं केलं ना?”

घरातलं कुणीच तिथं नव्हतं. महरीनला ठाऊक नव्हतं.

“केलं, अम्मी,” ती म्हणाली.