आजोबांचं टिंग

पन्नास वर्षांपूर्वीच्या त्या रॉक अल्बममध्ये अथपासून इतिपर्यंत एकच गोष्ट होती, बंद पडलेल्या घड्याळाची. शेवटी ते घड्याळ एकदाच वाजतं: टिंग! “ते टिंग माझं,” लोखंडी त्रिकोण वाजवत आजोबा जन्मभर सांगत आले. पण ड्रमच्या दणदणाटात ते कुणाच्या बापालाही ऐकू आलं नव्हतं. “नुसत्या थापा,” आजी म्हणायची. आज स्टुडिओत दोघांना बसवून नात तोच अल्बम रिमास्टर करत होती. टेपवरचं एकेक वाद्य तिने धुऊनपुसून लख्ख केलं, आणि स्पीकरमधून आलं: टिंग! आजोबा टुणकन उडालेच. “पण आजोबा, अर्धा सेकंद उशीर झालाय,” नात म्हणाली. “सरकवून जागेवर बसवू?” आजोबांचं तोंड एवढंसं झालं. तेवढ्यात आजी ताडकन उठली. “खबरदार हात लावशील तर!” तिने दरडावलं. “स्वतःच्या लग्नालासुद्धा हे असेच उशिरा उगवले होते. टिंग यांचंच!”