आज्जीच्या तेलातला नखला

अगं प्रियंका, ऐक ना. मधे बोलू नको, नुसतं ऐक.

आपली साक्षी, प्राणिशास्त्रवाली, शुक्रवार पेठेतली. तिची तोंडी परीक्षा उद्यावर आलेली, म्हणून काल दुपारी मी तिच्याकडं अभ्यासाला गेले. जाऊन बघते तर मागच्या अंगणात परीक्षा आधीच सुरू. मास्तर कोण, तर तिची आज्जी! चंद्रव्वा आज्जी पाटावर बसलेली, चष्मा नाकावर, पुढ्यात सूप, शेगडीवर कढई.

कढईत साक्षीचंच तेल व्हायचं होतं. ती जूनमध्ये कोल्हापूरला होस्टेलवर चालली ना, तर आज्जी म्हणे, तिथल्या पाण्यानं पोरीचे केस जातील. वाळा, नागरमोथा, नखला, असलं काय काय घालून आज्जी दर उन्हाळ्यात तेल उकळते. साक्षीच्या डोक्याला जन्मल्यापासून तेच. आज्जीच्या स्वतःच्या पण. आणि देवापुढच्या धुपातसुद्धा चिमूटभर नखला टाकल्याशिवाय तिची पूजा होत नाही.

आता आज्जी कशी आहे ते तुला माहितीये की. अंड्याचं नाव काढलं तरी चूळ भरते. साक्षी कॉलेजातून आली की आधी मोरीत पाठवते. "गोगलगाईला हात लावलीस न्हवं? मग माज्या गॅसला लावू नको."

तर आज्जी म्हणाली, "हं. सगळ्यात अवघड काय हाय ते सांग. मला कळलं तर तुज्या मास्तरला कळतंय."

"ऑपरक्युलम, आज्जी."

"केवढं असतंय?"

"नखाएवढं."

"यव्वा! नखाएवढ्याला एवढं लांब नाव! करतंय काय ते?"

साक्षी एकदम खुशीत. हाताची गोगलगाय करून दाखवायला लागली. पाण्यातली शंखवाली असते ना, तिच्या पायाला मागं एक झाकण असतं. कुणी खायला आलं, नाहीतर तळं आटलं, की ही आत जाते आणि झाकण ओढून घेते. मग चिखलात पडून राहते, दार लावून, पाऊस येईपर्यंत.

"शाणी हाय की," आज्जी म्हणाली. "उन्हाळ्यात मीबी तेच करते. दिसतंय कसं?"

"तपकिरी. शिंगासारखं कडक. आणि वर बारीक बारीक रेषा, गोल वळत गेलेल्या. थांब, फोटो दाखवते." साक्षीनं मोबाईल काढला, फोटो उघडला, मान वर केली. आणि तशीच राहिली.

कारण आज्जी सुपातलं निवडत होती. चिमटीत एक नखला धरून उन्हात बघत होती. तपकिरी. कडक. गोल रेषा.

मी फोटोकडं बघितलं. नखल्याकडं बघितलं. साक्षीकडं बघितलं. प्रियंका, तेच गं! कॉलेजात बरणीत ठेवलंय ना, अगदी तेच!

"अडकली! नापास!" आज्जीनं टाळी वाजवली. "बरं, सोपं इचारते. ते झाकण काढलं तर तिचं काय होतंय?"

"मरते, आज्जी."

"शिवशिवा!" आज्जीनं कान धरले. "गरीब जिवाच्या घराचं दार! कुटला पापी काढतोय गं?"

आणि असं म्हणत मूठभर नखला कढईत सोडला. तेल घालायच्या आधी तो तुपात परतून घ्यायचा असतो. चर्र झालं आणि अंगणभर केस जळल्यासारखा वास.

"आज्जी, या वेळी नखला नको ना," साक्षी घाईनं म्हणाली. "बिननखल्याचंच कर."

"वेडी का काय! तेच्याबिगर तेलाला वास टिकत न्हाई. माज्या सासूनं शिकवलंय." आज्जीनं झारा फिरवला, मग जरा थांबली. "पर काय गं, तू एवढं शिकलीस म्हणून इचारते. हा नखला कुटल्या झाडाचा? साल हाय का बी हाय? सासूला लई बारी इचारलं. ती म्हणायची, गप उकळ."

झारा हातात तसाच. तोंडाकडं बघत बसली ना नातीच्या. गळ्यात लिंगाची चांदीची डबी, चष्म्यावर वाफ, आणि एवढं निर्मळ हसू.

साक्षीच्या हातात मोबाईल, त्यावर फोटो उघडाच. मी तर खाली फरशीकडं बघायला लागले.

साक्षीनं मोबाईल मांडीवर पालथा ठेवला.

"आज्जी, मी प्राण्यांचं शिकते ना. झाडांचं नाही."

"व्हय की! इसरलेच बघ मी." आज्जी खूश. जळका वास गेला होता, आता गोड वास सुटला होता. तिनं मागच्या वर्षीची बाटली घेतली, साक्षीला ओढून दोन्ही गुडघ्यांत बसवलं आणि टाळूवर तेल ओतलं. "उद्या पैली येतीस बघ तू." साक्षीनं डोळे गच्च मिटून घेतले.

मग आज्जी मला म्हणाली, "ये गं पूनम. तुजंबी डोस्कं कोरडं पडलंय."

मी गेले. हे बघ, घे वास. चांगला आहे ना? लई चांगला आहे.

आता सांग. असा हात डोक्यावर असताना आज्जीनं तुला विचारलं असतं, तर तू काय म्हणाली असतीस?