पोटातला मणका

संग्रहालयातल्या नव्या संशोधक मॅडमनी जुना फोटो पुढे केला आणि निवृत्त बिडवेकाकांच्या हातात भिंग दिलं.

"काका, आपला इक्थिओसॉरस, तुम्ही पोट साफ करण्याआधीचा. फासळ्यांच्या आत बघा."

कोट्यवधी वर्षांपूर्वीच्या त्या समुद्री प्राण्याचा सांगाडा दगडातून सोडवायला काकांना चौदा महिने लागले होते. फासळी न् फासळी सुटी दिसावी म्हणून पोटातली बारीक हाडं त्यांनी छिन्नीनं खरवडून काढली होती. त्या कामाबद्दल शाल मिळाली होती.

"गिळलेले मासे होते ते," काका म्हणाले. "तेव्हाचे साहेबच म्हणाले, काढून टाका."

"मासे नव्हते, काका. हे प्राणी अंडी घालत नसत, पिल्लांनाच जन्म देत. नीट बघा, पोटातल्या या पिल्लाची चोच अगदी आईसारखी आहे."

काकांनी भिंग जवळ नेलं, लांब नेलं. मग त्या इवल्या चोचीवर बोट ठेवलं.

दुसऱ्या दिवशी ते घरून काड्यापेटी घेऊन आले. आत कापसावर शर्टाच्या बटणाएवढा एक मणका होता. तेव्हा केराच्या टोपलीत जाता जाता आवडला म्हणून ठेवून घेतलेला.

मॅडमनी काचेचं दार उघडलं. काका मणका चिमटीत धरून सांगाड्यावर वाकले. एका फासळीशी टेकवून पाहिला, दुसरीशी पाहिला. कुठे खाच नव्हती, खूण नव्हती. तिथला दगड त्यांनीच घासून आरशासारखा केला होता.

"राहू द्या, काका," मॅडम हळूच म्हणाल्या.

काकांनी हात मागे घेतला नाही. "इतकं साफ कशाला करायला गेलो मी?"