बाबांची उशी

बेल वाजली की घरात प्रत्येकाचं काम ठरलेलं. आई पदर सारखा करून हसू आणायची, बाबा पेपर हातात घ्यायचे, आणि चिऊ सोफ्यावरची बाबांची उशी-चादर उचलून आईच्या खोलीत नेऊन टाकायची. मगच दार उघडायचं. "आजीला यातलं काही कळता कामा नये," आईनं बजावलं होतं. आजी यायची, घरभर नजर फिरवायची आणि म्हणायची, "घर ठेवावं तर माझ्या सुनेनं."

रविवारी सगळे आत्याकडे गेले. बेल वाजवली, पण दार काही उघडेना. आजीनं पुन्हा बटणाकडे हात नेला.

"थांब ना आजी," चिऊ म्हणाली. "आतोबांची उशी आत न्यायला वेळ नको का?"

आजीचा हात तिथंच थांबला.

दार उघडलं. आत्या तोंडभर हसत होती, पण तिला धाप लागली होती.