नाव छापा

पाळणाघरात मुलांना झोपेचं औषध पाजतात, हे ऋताच्या सिंगापूरमधल्या पुंगोलच्या फ्लॅटमध्ये बसून टिपून घेतल्यावर अमेरिकन बातमीदार म्हणाला, "तुमचं नाव फुटणार नाही. नाव न सांगितल्यापायी आमच्याकडे बातमीदार तुरुंगातही गेलेत."

ऋताच्या नवऱ्याचा, निशिकांतचा जीव भांड्यात पडला. त्याचा एम्प्लॉयमेंट पास, म्हणजे इथला नोकरीचा परवाना, अजून रिन्यू व्हायचा होता.

"नाव छापा माझं," लेकीला घट्ट धरून ऋता म्हणाली.

"वेड लागलंय का?" निशिकांत मराठीत पुटपुटला.

"नाव नसलं की कोण बोललं ते शोधतील. पहिला संशय पाळणाघरातल्या सफाईच्या मावशींवर. त्यांनीच सांगितलं मला. त्यांना तर सरळ मायदेशी परतीच्या विमानात बसवतील."

बातमीदाराने विचारलं, "काय म्हणताहेत?"

निशिकांतने सांगितलं, "म्हणतेय, नवऱ्याचंही नाव घाला."