बाकाची जागा

थोरल्याने आईच्या दोन्ही हातांत भरलेल्या पिशव्या दिल्या आणि खिशातून लाल खडू काढला. "चल आई. दमलीस की सांग."

नव्या मॉलला अजून फरशी नव्हती. दुकानांच्या नुसत्या चौकटी, आणि मधून या दारापासून त्या दारापर्यंत गेलेला कोबा, रंगाचे शिंतोडे उडू नयेत म्हणून प्लॅस्टिकने झाकलेला. बांधलेल्या प्रत्येक मॉलमध्ये फरशी बसण्याआधी बाबा आईला असं चालवत. ती "दमले बाई" म्हणाली की तिथे फुली, फुलीवर बाक. "आमचे नकाशे हिच्या गुडघ्यांनी काढलेत," असं आर्किटेक्टला ऐकवत. हा मॉल अर्धा झाला आणि बाबा गेले.

"बाक हवेत कशाला?" धाकटा म्हणाला. "तिथे छोटे स्टॉल लावू. बसलेलं गिऱ्हाईक काही घेत नाही."

"आणि पाय दुखलेलं गिऱ्हाईक सरळ घरी जातं. तुझे बाबा असते तर हेच म्हणाले असते. ते प्लॅस्टिक काढा आधी, पाय घसरतोय माझा."

सुपरवायझर प्लॅस्टिक गुंडाळत पुढे गेला. खाली कोब्यावर लाल फुल्या होत्या.

थोरला थबकला. "या कुणी मारल्या?"

"मोठ्या साहेबांनी. उन्हाळ्यात एकटेच यायचे, माणसं जेवायला बसली की. कुणाला सांगू नकोस म्हणाले होते."

आई हसली. "बघा! मला सोडून आले. मग गुडघे कुणाचे वापरले म्हणे?"

ती चालू लागली. पहिली फुली बरीच लांब होती. दुसरी त्याहून जवळ. तिसरी लगेचच. पुढे तर एकेका दुकानासमोर दोन-दोन.

"बाबांचा अंदाज चुकलाच," धाकटा म्हणाला. "एवढ्या जवळजवळ बाक कोण ठेवतं?"

आईचं हसू मावळलं. त्याच उन्हाळ्यात ते घरच्या जिन्यात मध्येच थांबायला लागले होते. "तुझ्यासाठी थांबलोय गं," म्हणायचे. आणि ती चिडायची, "मी काय एवढी म्हातारी झालेय?"

आता ती सावकाश चालत होती. प्रत्येक फुलीपाशी थांबत होती, तिथे कुणीतरी श्वास घेत उभं असल्यासारखी. मधल्या मोकळ्या चौकात फुल्या संपल्या. शेवटची तर पुरी झालीच नव्हती. नुसती एक रेघ, खाली घसरत गेलेली. त्यापुढे पलीकडच्या दारापर्यंत कोबा कोरा होता.

तिने पिशव्या खाली ठेवल्या.

"दमलीस, आई?" थोरल्याने विचारलं.

"मी नाही रे."

त्याच्या हातातला खडू घेऊन ती वाकली आणि त्या रेघेवर दुसरी रेघ ओढली. मग तिथेच कोब्यावर बसली. फुलीच्या एका बाजूला, शेजारी एका माणसाची जागा ठेवून.